मार्लिसबाईंचा अनिर्दिष्ट हात

आजार माणसाला होतो, उपचार मात्र कोडला होतात. हे ज्याला उमगलं त्याला आधुनिक वैद्यक उमगलं. बाकीच्यांनी मुकाट गोळ्या खाव्यात.

आमच्या हेग्रा गावच्या दवाखान्यात माणसाच्या देहात जे जे बिघडू शकतं, त्या प्रत्येकाला विम्याच्या कागदांवर लिहायचा एक आकडी कोड आहे. कोंबडीने टोचलं तर एक, टर्कीने टोचलं तर दुसरा. (बदकाचा तिसरा. बदक टोचत नाही, चावतं. शास्त्राने त्याचीही दखल घेतली आहे.) पण या सगळ्या कोडांचा मुकुटमणी कोणता म्हणाल, तर ‘हाताच्या कंडरेचा किंवा सांध्याच्या अस्तराचा अनिर्दिष्ट विकार, हात अनिर्दिष्ट’. साध्या भाषेत, कुठल्यातरी हाताला काहीतरी झालंय. इतकी नम्र, निगर्वी, कुणावरही आळ न घेणारी ओळ मी प्रार्थनेच्या पुस्तकातसुद्धा वाचलेली नाही.

माझं तर मत आहे की हा कोड मिनेसोटाच्या आमच्या कोपऱ्यासाठीच जन्माला आला. आमचे वाडवडील नॉर्वेहून बोटीने आले तेव्हा सामानाला जागा कमी पडली, म्हणून विशेषणं तिकडेच ठेवून आले. उत्तम जेवणाला आम्ही ‘वाईट नाही’ म्हणतो. चक्रीवादळाने कोठार उचलून शेजारच्या काउंटीत नेऊन ठेवलं, तर ‘काल जरा वारं होतं’ म्हणतो. दवाखान्यात वेदना मोजायची पट्टी लावली आहे, एकपासून दहापर्यंत. आमच्याकडे सगळे ‘दोन’ सांगतात. एक म्हणावं तर डॉक्टरचा वेळ फुकट घेतल्यासारखं होतं, आणि तीन म्हणणं म्हणजे चारचौघांत मिरवणं. मक्याच्या यंत्रात कोपरापर्यंत हात गेलेला एक गृहस्थही ‘दोन’च म्हणाला. फरशी खराब केल्याबद्दल माफी मागितली ती वेगळी.

परिणाम डोळ्यांपुढे आहे. गेल्या साली दवाखान्यात हाताच्या जेवढ्या तक्रारी आल्या, त्यांतल्या एक्क्याण्णव टक्के अनिर्दिष्ट होत्या. उरलेले नऊ टक्के म्हणजे आर्डिस क्वामे. ही बाई मूळची शिकागोची. लग्न होऊन चाळीस वर्षं झाली, पण कुठे दुखतं ते बोट ठेवून सांगायची तिची खोड काही गेली नाही.

दवाखान्याचा कोडर ड्वेन टॉर्गरसन. तळघरात, भिंतीकडे तोंड करून बसतो, आणि हे योग्यच आहे. डॉक्टरने जे लिहिलं त्यालाच कोड द्यायचा, हा या धंद्याचा पहिला नियम. रोग्याकडे बघून, अंदाज बांधून किंवा अक्कल चालवून कोड दिला, तर तो गैरव्यवहार ठरतो. शंका आलीच तर डॉक्टरला लेखी पृच्छा करायची, पण प्रश्नात उत्तराचा वाससुद्धा येता कामा नये. ‘उजवाच ना?’ असं विचारणारा कोडर आणि साक्षीदाराला पढवणारा वकील, दोघांची जागा एकच.

आता मार्लिसबाईंकडे येऊ. मार्लिस एंगेब्रेट्सन ही ड्वेनची सख्खी आत्या. डिसेंबरच्या पहिल्या शनिवारी आमच्या चर्चच्या तळघरात लेफ्सा-जेवण असतं. लेफ्सा म्हणजे बटाट्याची पोळी. खाचांच्या लाटण्याने लाटतात, आणि ती इतकी पातळ हवी की खालचा ओटा दिसला पाहिजे. हे लाटणं आजवर मार्लिसबाईंच्या हातात होतं. गावात महापौर बदलले, पाद्री बदलले, लाटणं कधी हललं नाही. बाईंना मूलबाळ नाही, नवरा गेला. उभ्या गावात आपल्याशिवाय अडतं अशी ही एकच जागा त्यांना उरली होती.

त्या शरद ऋतूत त्यांच्या उजव्या हाताचं मधलं बोट अडकायला लागलं. मिटलं की मिटलेलंच. डाव्या हाताने ओढावं तेव्हा ‘कट्’ करून उघडायचं, आणि बाईंच्या डोळ्यांत पाणी यायचं. (वेदना: दोन.) एक इंजेक्शन वेळेवर मिळालं असतं तर काम झालं असतं. पण आधी विमा कंपनीची मंजुरी हवी, आणि मंजुरीला कोड हवा.

बाई डॉ. नॉर्डबींकडे गेल्या. डॉक्टर आमच्यातलेच. परक्या बाईच्या हाताकडे टक लावून बघणं त्यांना प्रशस्त वाटत नाही.

“काय होतंय, मार्लिसबाई?”

“होत असं काही नाही. हात जरा... तुम्हाला घाई असेल तर पुन्हा येईन.”

डॉक्टरांनी लिहिलं, ‘हात. थोडं काहीतरी. कंडरा किंवा अस्तर असावं.’ कागद तळघरात गेला. ड्वेनने मुकुटमणी चढवला. कंपनीने प्रकरण परत पाठवलं: हात कोणता?

ड्वेनने पृच्छा केली: ‘आपल्या टिपणात एका हाताचा उल्लेख आढळतो. कृपया स्पष्ट करावे: उजवा, डावा, दोन्ही, अन्य, सांगता येत नाही.’ डॉक्टर प्रामाणिक माणूस. त्या क्षणी बाई समोर नव्हत्या, म्हणून त्यांनी ‘सांगता येत नाही’वर खूण केली. कंपनीने पुन्हा विचारलं, ड्वेनने पुन्हा पृच्छा केली, डॉक्टर पुन्हा प्रामाणिक राहिले.

रविवारी प्रार्थनेनंतर कॉफीच्या टेबलाशी आत्या-भाचे समोरासमोर आले. आत्याचं बोट किटलीच्या कानात अडकलं होतं, आणि ती दुसऱ्या हाताने ते सोडवत होती. ड्वेनने झटकन मान वळवून खिडकीकडे बघितलं.

“आत्या, मी हे पाहिलेलं नाही.”

“काय नाही पाहिलंस?”

“तुझा हात.”

“कुठला?”

“तेच तर मला विचारता येत नाही ना! तू डॉक्टरांना जाऊन सांग.”

“काय सांगू?”

“ते मी सुचवायचं नसतं.”

“मग राहू दे. त्यांच्यामागे आजारी माणसं असतात रे.”

तेवढ्यात आर्डिस क्वामे केकची बशी घेऊन आली. “अगं मार्लिस, उजव्या हाताचं मधलं बोट गेलंय ना तुझं? मला दारातनं दिसतंय. यंदा लाटणं मी घेऊ का?”

मार्लिसबाईंनी हात एप्रनच्या खिशात घातला. “काही गेलेलं नाही. केक वाईट नाही हं.”

एका वाक्यात नेमकं निदान झालं होतं, पण ते सक्षम प्राधिकाऱ्याने केलेलं नसल्यामुळे ग्राह्य धरता येईना. शिवाय आता चारचौघांत नाही म्हटलेलं होतं. त्यानंतर बाईंनी उजवा हात दुखतो म्हणायचं, तर आर्डिस खरी ठरणार. त्यापेक्षा बोट गेलेलं परवडलं.

आणि मग, नोव्हेंबर सरता सरता, चमत्कार झाला. तेच उत्तर तिसऱ्यांदाही आलं, म्हणजे ते खरंच असलं पाहिजे, असं कंपनीच्या संगणकाने मानलं. मंजुरी आली: ‘इंजेक्शन एक. हात: अनिर्दिष्ट.’

लेफ्सा-जेवणाच्या आदल्या आठवड्यात बाई दवाखान्यात हजर झाल्या. मी बाहेर बाकावर माझ्या गुडघ्याची पाळी बघत होतो. दार उघडंच होतं, कारण आमच्याकडे दार लावून घेणं उद्धटपणाचं समजतात.

“कुठला हात, मार्लिसबाई?”

“तुम्हाला सोयीचा पडेल तो.”

“असं कसं! दुखतो तो सांगा.”

“दुखतो असं काही नाही म्हणता यायचं...”

डॉक्टर घुटमळले. “पंचाईत अशी आहे, मंजुरी अनिर्दिष्ट हाताला आहे. मी आपला एक निवडला आणि उद्या कंपनीने विचारलं, कशावरून हाच, तर?”

“अगंबाई! माझ्यापायी तुम्हाला त्रास नको. हा घ्या ना, हा तुमच्या जवळ आहे.”

तो डावा होता.

“कसं वाटतंय?” डॉक्टरांनी हात पुसून विचारलं.

“पुष्कळ बरं.”

आणि यात तसूभरही खोटं नव्हतं. डावा हात अगदी ठणठणीत होता. सुई टोचायच्या आधीपासून होता. ड्वेनने प्रकरण ‘उपचार यशस्वी’ म्हणून बंद केलं. त्या कोडच्या रोग्यांमध्ये बरे होण्याचं प्रमाण आमच्याकडे शंभर टक्के आहे, आणि राजधानीहून आलेल्या पाहुण्यांनी त्याबद्दल दवाखान्याला एक फलकही दिला.

शनिवारी चर्चच्या तळघरात दोनशे माणसं जमली. मार्लिसबाईंनी लाटणं हातात घेतलं आणि पहिली पोळी लाटली. ओटा दिसत होता. दुसरीला बोट लाटण्याच्या दांड्याभोवती मिटलं ते सुटेना. तव्यावरची पोळी करपली. बाई तशाच उभ्या राहिल्या, लाटण्याला धरून, की लाटण्याने धरलेल्या, कोण जाणे. ड्वेन खिडकीकडे वळला, पण तळघराला त्या बाजूला खिडकी नव्हती.

आर्डिस उठली. एकेक बोट करून तिने हात मोकळा केला.

“सोड गं, वेडे. किती दिवस हे?”

“घे तूच. मला तसाही कंटाळाच आला होता,” मार्लिसबाई म्हणाल्या, आणि पोळ्यांच्या चळतीशी जाऊन डाव्या हाताने लोणी लावायला लागल्या.

दोनशे माणसांनी तो हात पाहिला. एकानेही निर्दिष्ट केला नाही. आर्डिसची लेफ्सा बुटाच्या तळव्याएवढी जाड झाली होती. सगळ्यांनी दोनदोन खाल्ल्या आणि वाईट नाही म्हटलं. मार्लिसबाईंनीही. जरा मोठ्याने म्हटलं, एवढंच.

हसलात ना? हसा, हसा, नॉर्वेजियन लोक आहेतच तसे. आता फक्त एक सांगा: तुमच्या घरी जी रोज पोळ्या लाटते, तिचा कोणता हात दुखतो? नाही, नाही, उठून स्वयंपाकघरात विचारायला जाऊ नका. ती ‘कुठे काय’ म्हणेल, आणि तुम्ही समाधानाने परत येऊन बसाल.