समतेचं चुपे

आउरेलियोने घेतलेला निर्णय तसा साधाच होता: यंदा गुड फ्रायडेचा स्वयंपाक पुरुष करतील. पुरुष म्हणजे तो स्वतः, कारण बाकीच्यांना त्याने विचारलंच नव्हतं. (क्रांती करणारे आधी विचारत बसले, तर क्रांती कधी व्हायची?)

समुद्रकाठच्या तोमे गावात त्या दिवशी मटणाला कुणी शिवत नाही आणि समुद्रातलं जे जे हलतं ते भांड्यात जातं. आउरेलियोच्या सासुरवाडीला दरवर्षी खेकड्याचं चुपे व्हायचं. दुधात कालवलेला शिळा पाव, परतलेला कांदा, साय, सोललेला खेकडा, वर बोटभर चीजचा थर, आणि मातीच्या भांड्यासकट सगळं ओव्हनमध्ये! हे सगळं करायच्या सासूबाई, एदुविहेस. लेकी पहाटेपासून त्यांच्या हाताखाली राबत. पुरुष अंगणात वाइनचे ग्लास धरून बसत आणि 'वास सुटला रे' एवढंच काम मन लावून करत.

सासूबाईंनी उभी हयात डबाबंद मासळीच्या कारखान्यात खेकडे सोलले होते. आता त्यांची बोटं धड वळतही नसत. तरी गुड फ्रायडेला टोपलीभर खेकडे सोलायचे, आणि मग आठवडाभर गरम पाण्याची पिशवी हाताला बांधून कण्हायचं. आउरेलियोला हे बघवत नसे. तो शाळेत इतिहास शिकवायचा आणि अन्याय दिसला की त्याचे कान लाल व्हायचे.

"सासूबाई, यंदा आमच्या घरी या. चुपे मी करतो. तुम्ही नुसत्या बसा."

"अरे, तू अंडी उकडायला ठेवलीस तेव्हा पाणी घालायला विसरला होतास," त्याची बायको माकारेना म्हणाली.

"ते सोड. प्रश्न तत्त्वाचा आहे!"

सासूबाईंनी जावयाकडे डोक्यापासून पायापर्यंत पाहिलं. "ठीक आहे, जावईबापू. जमलं, तर मी पुन्हा चुपेला हात लावणार नाही. नाही जमलं, तर हात चालतील तोवर मीच करीन. आणि मग ते समता-बिमता माझ्यासमोर काढायचं नाही."

गुरुवारी त्या स्वतः आपलं भांडं घेऊन आल्या. "माझ्या सासूचं आहे. जपा," एवढंच म्हणाल्या आणि गेल्या.

आउरेलियोने भांडं पाहिलं आणि त्याला भरून आलं. आतून-बाहेरून काळंकुट्ट! दोन पिढ्यांचा धूर, दोन पिढ्यांचं तेल, दोन पिढ्यांचे कष्ट! त्या बिचारीला इतक्या वर्षांत कुणी भांडंसुद्धा घासून दिलं नाही! त्याने बाह्या सरसावल्या, लिंबाच्या वासाचा साबण अर्धी बाटली ओतला आणि भांडं रात्रभर भिजत ठेवलं. सकाळी उठून तारेच्या घासणीने असं घासलं की आतून मूळची लालबुंद माती हसत बाहेर आली. (माकारेना तेव्हा रात्रभराच्या प्रार्थनेला चर्चमध्ये होती. असती, तर ही गोष्ट इथेच संपली असती.)

मग धक्क्यावर जाऊन जिवंत खेकडे आणले. डबाबंद का नाही? "डबा म्हणजे शोषण!" असं त्याचं मत होतं. त्यातला एक सोफ्याखाली गेला, एकाने पडदा धरला, आणि एकाने आउरेलियोचा अंगठा धरला तो तत्त्वासारखा धरला. पण गडी हटला नाही. उकडलं, सोललं, कालवलं, चीज पसरलं, आणि भांडं ओव्हनमध्ये सरकवून काचेसमोर मांडी घालून बसला.

आणि काय सांगावं! चीज हललं. फुगलं. बुडबुडे आले, मोठे, चकचकीत, एकावर एक! असे बुडबुडे सासूबाईंच्या चुपेलाही कधी आले नव्हते. आउरेलियोने मनातल्या मनात बायकांना मुक्त करून टाकलं.

मंडळी जमली. सासरे ओस्वाल्दो, मेहुणा गास्तोन, मेहुण्या, आणि सासूबाई, हातात एक जड पिशवी घेऊन.

"पिशवीत काय?"

"काही नाही. असू दे."

टेबलावर भांडं आलं. सगळे "वा!" म्हणाले. गास्तोनने दम न धरता मोठा चमचा तोंडात कोंबला.

"लिंबू पिळलंयस का रे?" त्याने विचारलं, आणि विचारताना त्याच्या ओठांवर एक छोटासा फुगा आला.

सासूबाईंचं गास्तोनकडे लक्षच नव्हतं. "हे भांडं कुणाचं?"

"तुमचंच! ओळखलं नाहीत ना?" आउरेलियोचा चेहरा फुलला. "रात्रभर साबणात भिजवलं!"

सगळ्यांनी चमचे खाली ठेवले. सोफ्याखालच्या खेकड्याची नखं तेवढी ऐकू आली.

"मातीचं भांडं," माकारेना हळूच म्हणाली. "आउरेलियो, माती साबण पिते."

"आणि गरम झाली की ओकते," गास्तोन म्हणाला आणि मोरीकडे धावला.

आउरेलियोचे कान लाल झाले. आता सासूबाई उठणार, त्या वाकड्या बोटांनी पुन्हा कांदा चिरणार, आणि पुढची सगळी वर्षं चिरतच राहणार. आणि हे सगळं त्याच्यामुळे!

सासूबाई उठल्या नाहीत. त्यांनी पिशवी ओस्वाल्दोंकडे सरकवली. आत सोललेल्या खेकड्याचे डबे होते, त्यांच्याच कारखान्याचे. "अहो, उठा. डबे फोडा. गास्तोन, चूळ भरून झाली असेल तर कांदा घे. बारीक! पाव दुधात टाका. पत्र्याचा ट्रे चालेल."

"मी?" ओस्वाल्दो म्हणाले.

"मग काय, भांड्याला विचारू?"

पंचेचाळीस वर्षांच्या संसारात ओस्वाल्दोंनी पहिल्यांदा कांदा परतला. सासूबाई खुर्चीत बसून नुसतं बोट दाखवत होत्या, तेसुद्धा जेवढं वळत होतं तेवढंच. चुपे झालं. खरपूस, रसरशीत, बिनफेसाचं! सगळ्यांनी ट्रे पुसून खाल्ला. सासूबाईंनी ग्लास उचलला, आपल्या हातांकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "हे बरं आहे. दरवर्षी आता पुरुषांनीच करायचं."

आउरेलियो उडालाच! जिंकला होता की तो! ताडकन उठून त्याने उष्ट्या ताटल्या गोळा करायला घेतल्या.

"तुम्ही नाही, जावईबापू," सासूबाई म्हणाल्या. "तुम्ही बसा. अहो, यांना वाइन द्या, आणि साबण उचलून वर ठेवा."

आत स्वयंपाकघरात सासरे आणि मेहुणा भांडी विसळत होते. बाहेरच्या खोलीत बायकांच्या घोळक्यात, हातात ग्लास धरून, त्या घरातला एकमेव बिनकामाचा पुरुष सोफ्याखालच्या खेकड्याला समतेचा अर्थ समजावून सांगत होता.