सातव्या दरवाज्यापलीकडील निळ्या हत्तीची बखर

श्रीगजानन प्रसन्न. शके १९४६, क्रोधी नाम संवत्सरे, मार्गशीर्ष मासीं स्वामींनी पुसिले की, तेहतीस वर्षे चाललेला हत्तीचा कज्जा कैसा मिटला तें लिहिणे. त्यावरून सेवकाने पाहिले-ऐकिले तैसे लिहिले, पदरचे मीठ चवीपुरतेच घातले.

एक राज्य होते, नाव सांगण्याची आज्ञा नाही. थोरले धनी दिनकरपंत, धाकटे त्यांचे बंधू सुहासपंत. पूर्वी तेथील पेठेंत व्हिडिओ गेमचे दुकान होते, आणि त्यांत कपाटाएवढे यंत्र, आणि यंत्रांत सात दरवाज्यांचा किल्ला. एक नाणे, तीन जीव, हा दुकानचा कायदा. सुहासपंत चौदा वर्षांचे असतां सातवा दरवाजा फोडोन आंत शिरले, आणि पलीकडे निळा हत्ती उभा पाहिला, इतक्यांत दिनकरपंतांनी दंड धरोन बाहेर ओढिले, कारण तीर्थरूप छडी घेऊन पेठेंत आले होते. दुसरा साक्षी नाही. पुढे यंत्र भंगारांत गेले आणि हत्ती ही सुहासपंतांची थाप ठरली. मग पंतांनी वाटेंत साप पाहिला म्हणावे, तरी दिनकरपंतांनी पुसावे, निळा होता का? लग्नांत व्याह्यांदेखत हेंच. पंत हसण्यावारी नेत, परंतु आंतून झुरत. आणि अलीकडे तो हत्ती आपणच मनांत रंगविला की काय, हे भय त्यांसच पडले, तें फार वाईट.

मग पंतांस शोध लागला की, इम्युलेटर नामे एक बहुरूपी आहे, तो घरच्या संगणकास जुन्या यंत्राचे हुबेहूब सोंग देतो. तो आणविला, किल्ला त्यांत घातला, आणि दिनकरपंतांस साक्षीस बोलाविले. पडदा उजळला आणि आज्ञा जाहली, नाणे टाका. पंतांनी इकडेतिकडे फट शोधिली, आणि रुपया काढोन सीडीच्या खणांत ठेवोन खण लोटिला. संगणक ऐसा खरखरला की शेजारी डोकावले. पंतांचे कुटुंब मेधाबाई यांनी चिमट्याने रुपया काढिला, सूचना वाचिल्या, आणि कळविले की कीबोर्डावरील पाचाची कळ हेंच नाणे.

मग मोहीम निघाली. परंतु बोटे सत्तेचाळीस वर्षांची. चौथ्या दरवाज्यांत एक जीव गेला, पाचव्यांत दोन. इम्युलेटरांत ऐसी सोय की, जेथे असाल तेथे मुक्काम नोंदवावा, आणि मेल्यास तेथूनच उठावे. परंतु दिनकरपंतांनी ती लबाडी ठरविली, दुकानचा कायदा म्हणजे कायदा. ऐसे तीन दिवस गेले. तिसरे दिवशी सहाव्या दरवाज्यांत शेवटला जीव पडला, आणि पंतांनी कीबोर्ड दूर सारिला.

म्हणाले, "दादा, राहू दे. नव्हताच तो. मीच मनानं रंगवला असेल."

दिनकरपंतांची सरशी जाहली, परंतु त्यांचे तोंड उतरले. भावाने हार मानिली हें त्यांस गोड लागले नाही. कीबोर्ड पुन्हा पंतांपुढे सरकवोन म्हणाले, "ते मुक्कामाचं बटण कुठलं? दाब. आता मलाही बघायचंय."

मग दरवाज्यादरवाज्यास मुक्काम केला, आणि मेले तरी उठले, आणि सातवा दरवाजा फुटला, आणि पलीकडे हत्ती उभा. निळा, बुटका, चौकटीचौकटींचा, एक दात मोडका. पंत बघतच राहिले, तंव हत्तीने खेळांतला त्यांचा शिपाई चिरडला, तिकडे कोणाचे लक्ष गेले नाही.

दिनकरपंत हळूच म्हणाले, "तुला ओढताना माझी पाठ होती इकडं. मागं वळून बघायला हवं होतं मी."

पंतांनी डोळे पुसले आणि मोठा श्वास सोडिला. आपण खोटे नव्हतो, येवढेच त्यांस हवे होते, आणि ते मिळाले.

तात्पर्य, किल्ला अद्याप सर जाहला नाही, हत्ती कोणास आवरत नाही. परंतु राज्यांत सुख आहे. परवां पंत म्हणाले, गच्चीवरची टाकी वाहते. दिनकरपंत कांहीं न पुसतां जिना चढले.