मनोऱ्याचा जादा नग

कोणतीही महान वास्तू दुरून पाहिली तर एक असते आणि जवळून पाहिली तर असंख्य. असंख्य असणं सरकारी कामकाजात चालत नाही. म्हणून ती मोजावी लागते.

शहराच्या मधोमध उभा असलेला लोखंडी मनोरा जगप्रसिद्ध आहे. त्याचं चित्र कपांवर आहे, कंपासपेट्यांवर आहे, उशांच्या अभ्र्यांवर आहे आणि (का ते कुणाला ठाऊक नाही) खोकल्याच्या एका औषधाच्या बाटलीवरही आहे. पायथ्याशी पितळी पाटी आहे: ‘या मनोऱ्यात एकूण ८४,३१२ नग आहेत.’ मनोरा कोणी बांधला आणि कशासाठी, हे पाटीवर नाही. आकडा मोठ्या अक्षरात कोरल्यामुळे जागा उरली नाही.

एका पाहणीनुसार दर शंभर पर्यटकांपैकी एकाहत्तर जण वर चढतात, अठ्ठावीस खालूनच फोटो काढतात आणि एक जण स्वच्छतागृह कुठे आहे हे विचारायला आलेला असतो. नग मोजणारा एकही नसतो. जनतेच्या या बेफिकिरीवर उपाय म्हणून मनोऱ्याच्या पश्चिम पायात, जिन्याखाली, नग मोजणी व पडताळणी कार्यालय उघडण्यात आलं. खोलीला तिरकं छत आहे. त्यामुळे साहेबांचं टेबल मधोमध आणि बाकीचे वाकून.

या कार्यालयात नगकाका एकोणतीस वर्षं मोजणीदार होते. खरं नाव पगारपत्रकावर होतं, पण हाक मारायला कुणी ते वापरलं नाही. मोजणीची पद्धत शास्त्रशुद्ध होती. नगावर लहान हातोडीने टकटक करायची, खडूचा ठिपका द्यायचा आणि आकडा मोठ्याने म्हणायचा. दिवसाला तीनशे नग, असे दोनशे एक्क्याऐंशी दिवस, आणि शेवटच्या दिवशी बारा जास्त. मध्येच कुणी किती वाजले असं विचारलं, तर त्या दिवसाची मोजणी पहिल्यापासून. घरीसुद्धा त्यांना वेळ विचारायची कुणाची छाती नव्हती.

वर्गवारी पाठ होती. तुळया २,११८. पट्ट्या ९,६४०. रिव्हेट ६१,२०४. बोल्ट ५,६६८. नट ५,६६७ (एका बोल्टाला नट नाही. त्याबद्दलचा पत्रव्यवहार साहेबांच्याही आधीपासून चालू आहे). आणि इतर १५. ‘इतर’ म्हणजे काय, हे विचारायची पद्धत नाही.

एकोणतीस वर्षांत आकडा कधी हलला नाही. म्हणून निवृत्तीच्या दिवशी पश्चिम पायावर ‘निर्दोष मोजणी’ अशी पाटी लावायचं ठरलं होतं. पाटीची जागा पुसूनही ठेवली होती. नगकाका येताजाता त्या रिकाम्या जागेकडे बघत. त्यांना ती पाटी फार हवी होती, आणि हे ते कुणाला बोलून दाखवत नसत.

पण गेल्या वर्षी गुडघ्यांनी असहकार पुकारला. डॉक्टरांनी जिने बंद केले. मोजणी थांबवता येईना, तेव्हा त्यांच्या जागी वर्षभरासाठी हंगामी म्हणून त्यांच्या सूनबाईंना घेण्यात आलं. वशिल्याने लागल्याची ओरड झाली. ती खरी होती. मात्र सूनबाई आधी बटणांच्या कारखान्यात पाकिटं भरायच्या, आणि एका पाकिटात पन्नासऐवजी एकावन्न बटणं गेली तर ते त्यांच्या बोटांना समजायचं. मोजणी नीट झाली, तर नोकरी कायम होणार होती. घरातले सगळे त्याकडे डोळे लावून बसले होते.

दोनशे एक्क्याऐंशीव्या दिवशी सूनबाई खाली उतरल्या आणि त्यांनी वही साहेबांसमोर ठेवली. वहीत ८४,३१३ होते.

साहेबांनी चष्मा पुसला, पुन्हा वाचलं, आणि नियमावली काढली. नग कमी भरला तर काय करायचं, हे नियम बारामध्ये सविस्तर दिलं होतं: नवा नग बनवावा, बसवावा, चहा घ्यावा. नग जास्त भरला तर नियम तेरा होता. त्यात एवढंच होतं: ‘नियम बाराप्रमाणे, मात्र उलट.’ म्हणजे एक नग काढायचा. कोणता, ते ठरवायला समिती. सूनबाईंच्या मोजणीतच चूक आहे असं समितीने म्हटलं, तर त्यांच्या कागदावर ‘मोजता येत नाही’ असा शेरा बसणार आणि त्या घरी जाणार. साहेबांनी हे दिलगिरीने सांगितलं. नगकाकांच्या निवृत्तीला तेव्हा बारा दिवस उरले होते.

जादा नग कोणता, हे नगकाकांना आकडा ऐकताक्षणीच कळलं होतं. त्यांच्या तोंडचं पाणी पळालं.

झालं होतं ते असं. नोकरीच्या दुसऱ्या वर्षी, तिसऱ्या सज्जावर जेवायला बसलेले असताना त्यांची डब्याची पिशवी कठड्यावरून खाली गेली. कुणाला लागली नाही, पण डबा चेपला. बायकोने तो डबा उचलून, फिरवून पाहिला आणि म्हणाली की पुन्हा असा आणलात तर उद्यापासून कागदात बांधून देईन. नगकाका घाबरले. सज्जाच्या खांबात एक रिकामं भोक होतं. त्यात त्यांनी बाजारातून आणलेला एक हुक पिळून घट्ट बसवला आणि पुढची सव्वीस-सत्तावीस वर्षं त्यावर डबा टांगला. मोजताना त्या खांबाचे बाकीचे नग ते मोजत, हुक सोडून देत. लबाडी म्हणून नव्हे. तो आपला हुक, तो काय मोजायचा? घरातली माणसं मोजताना कुणी चपला मोजत नाही. सूनबाईंनी मात्र टकटक केली, ठिपका दिला आणि ‘इतर’मध्ये सोळावा म्हणून लिहिला. त्यांची मोजणी बरोबर होती. हुक लागल्यापासूनची बहुधा तेवढीच बरोबर होती.

आता सांगून टाकावं, तर नियम एकोणीस आडवा येत होता: मनोऱ्याला जो कुणी काही जोडेल, त्याने त्यानंतर केलेल्या सर्व मोजण्या रद्द. म्हणजे पाटी गेली, नाव गेलं, आणि इतकी वर्षं मनोरा अप्रमाणित अवस्थेतच उभा होता असं कागदोपत्री सिद्ध झालं असतं.

त्या दिवशी संध्याकाळी जेवताना सूनबाईंनी पोळी तशीच ठेवली आणि विचारलं, “बाबा, मी चुकले का हो? तुम्ही इतकी वर्षं मोजलंय. तुम्ही म्हणालात तर मी चुकले असं लिहून देते.”

नगकाकांनी भांडं पुढे केलं. ते म्हणाले, “पाणी दे जरा.” ते पाणी प्यायले, त्यांनी आणखी मागितलं, आणि तेही संपवलं. बायकोने त्यांच्याकडे टक लावून पाहिलं. बत्तीस वर्षांच्या संसारात तिनेही मोजणी शिकून घेतली होती, फक्त ती माणसांची करायची. नगकाकांना स्वतःची इतकी लाज कधीच वाटली नव्हती.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी ते पिशवीत पकड घेऊन निघाले. हुक काढायचा, सूनबाईंना ‘इतर’ तेवढे पुन्हा मोजायला लावायचं, आकडा जुळेल, विषय संपेल. हजार चाळीस पायऱ्या त्यांनी डॉक्टरांना न विचारता चढल्या. प्रत्येक पायरी मोजली, सवयीने. तिसऱ्या सज्जावर पोचले तर समिती हुकासमोर उभी होती. समितीत तीन जण होते. एकाला लोखंडातलं कळायचं, एकाला इतिहासातलं, आणि तिसरा साहेबांना ओळखायचा.

समितीला हुक सापडायचं कारण असं, की सबंध मनोऱ्यावर तेवढी एकच वस्तू चमकत होती. लोखंडवाले म्हणाले की असा गुळगुळीतपणा यंत्राने येत नाही, याला पिढ्यान्‌पिढ्या हात लागलेले आहेत. इतिहासवाले म्हणाले की बाकी सगळं नंतर रंगवलेलं आणि बदललेलं आहे, मूळ असा हाच एक नग उरलेला दिसतो. तिसऱ्यांनी दोघांना दुजोरा दिला. मग त्यांना धापा टाकत उभे असलेले नगकाका दिसले.

“तुम्ही जुने जाणते आहात,” इतिहासवाले म्हणाले, “हा नग तुमच्या आधीपासूनचा ना?”

नगकाकांना थोडंसं खरं बोलता आलं. ते म्हणाले, “माझ्या दुसऱ्या वर्षापासून तरी आहे.”

अहवालात याची नोंद ‘साक्षीदाराच्या स्मरणापलीकडचा’ अशी झाली. पकडीबद्दल विचारलं, तेव्हा लोखंडवाल्यांनीच सांगितलं की इतक्या निष्ठेने हत्यार सोबत बाळगणारे कर्मचारी आता राहिले नाहीत.

हुक मूळचा ठरला म्हणजे जादा नग दुसराच कुठला तरी. समितीने फार वेळ घेतला नाही. ज्या बोल्टाला नट नाही, त्याच्यावर सगळ्यांचा आधीपासूनच संशय होता. बिनानटाचा बोल्ट काही धरून ठेवत असेल, असं मानायला पुरावा नव्हता. (तो सोडून पाहिल्याशिवाय पुरावा मिळणारही नव्हता.) पश्चिम पायातला तो बोल्ट रीतसर काढण्यात आला. काढायला सहा माणसं आणि दोन दिवस लागले. इतक्या घट्ट बसलेल्या बोल्टाला नटाची गरज का पडली नाही, हा प्रश्न उपस्थित झाला. तो पुढच्या बैठकीसाठी ठेवला.

यामुळे बोल्ट ५,६६७, नट ५,६६७, इतर १६ आणि एकूण ८४,३१२ असा इतिहासात पहिल्यांदाच सगळीकडून मेळ बसला. जुना पत्रव्यवहारही निकाली निघाला. सूनबाई कायम झाल्या. त्यांच्या कागदावर शेरा पडला: ‘दृष्टी सूक्ष्म.’ घरी बायकोने गोडाचं केलं. नगकाकांना ते गोड लागलं नाही.

निवृत्तीचा दिवस आला. जिन्याखालच्या खोलीत लोक वाकून बसले. पश्चिम पायावर पाटी चढली होती. साहेबांचं भाषण झालं, आणि मग उत्तरादाखल नगकाका उठले. सूनबाई पुढेच बसल्या होत्या. त्यांच्याकडे पाहून नगकाकांनी ठरवून टाकलं.

“तो हुक मी लावलाय,” ते म्हणाले. “डबा टांगायला. माझ्या सुनेने तो मोजला, म्हणजे तिचंच बरोबर होतं. पाटी काढा, आणि तो बोल्ट परत बसवा.”

टाळ्यांचा कडकडाट झाला. साहेब हसता हसता खाली बसले. नगकाकांचा असा मिश्किल स्वभाव एकोणतीस वर्षांत कळलाच नाही, असं सगळे एकमेकांना सांगू लागले. सुनेची बाजू घेणारा सासरा पाहून एक-दोघांनी डोळे पुसले. नगकाका हट्टाला पेटले. ते समितीला घेऊन वर गेले आणि त्यांनी आपली डब्याची पिशवी हुकावर टांगली. पिशवीचा बंद हुकाच्या खाचेत अगदी नेमका बसला. खाच पडलीच होती त्या बंदाने.

इतिहासवाल्यांचा आवाज कापरा झाला. ते म्हणाले, “म्हणजे मनोरा बांधणारे इथे डबा टांगत असत.”

नगकाकांनी यापुढे बोलणं सोडून दिलं. खाली उतरल्यावर सूनबाई हळूच म्हणाल्या, “बाबा, पिशवी वरच राहिली.” त्यांना सगळं कळलं होतं. कदाचित टकटक करतानाच कळलं असेल. सासऱ्याने आपल्यासाठी चारचौघांत पाटीवर पाणी सोडलं, हे त्यांना पुरेसं होतं. पाटी गेली नाही, हा काही सासऱ्याचा दोष नव्हता.

पिशवी आता काचेत आहे. तिच्या शेजारच्या काचेत तो बोल्ट आहे, खाली ‘जादा’ अशी चिठ्ठी. हुकाचं दर्शन हे मनोऱ्याचं मुख्य आकर्षण झालं आहे. प्रत्येक पर्यटक रांगेत उभा राहतो, आपली पिशवी क्षणभर हुकावर टांगतो, आणि मनोरा बांधणाऱ्यांच्या कष्टांची आठवण ठेवून ती काढून घेतो. यावर्षीची मोजणी सूनबाईंनी केली. आकडा बरोबर भरला.

मनोरा बोल्ट काढल्यापासून पश्चिमेकडे किंचित कलतो आहे. सूनबाईंनी हे दोनदा लेखी कळवलं. कार्यालयाने उत्तर दिलं आहे की कल हा सुटा नग नसल्यामुळे तो मोजणीच्या कक्षेत येत नाही. नगकाका दुपारी खिडकीत बसून मनोऱ्याकडे बघतात. बघता बघता त्यांची मान एका बाजूला जाते, आणि बायको येऊन म्हणते, “अहो, मान सरळ ठेवा.” ते म्हणतात, “मान सरळच आहे.”

तुम्ही येऊन गेलात तेव्हा तुम्हीही रांगेत होतात. पिशवी टांगलीत, हुकाला हात लावलात, आणि खाली आल्यावर मनोऱ्यासमोर उभं राहून फोटो काढून घेतलात. घरी जाऊन पाहिलं तर मनोरा तिरका आलेला. फोटो काढणाऱ्याचा हात हलला असेल असं तुम्ही म्हणालात, आणि बोटाने फोटो थोडा फिरवून मनोरा सरळ करून घेतलात. त्या फोटोत तुम्ही जरा कलला आहात.