पुकारा झाला तेव्हा आम्ही मिसळ खात होतो

कोर्टात एकाच गाडीने जाऊ, हे मीच सुचवलं. वरच्या मजल्यावरचे सूर्यकांतराव आणि मी एकमेकांविरुद्ध लढत असलो, तरी पोचायचं एकाच ठिकाणी होतं. शिवाय दिल्लीत न्याय एकवेळ मिळेल, पार्किंग मिळत नाही.

भांडण आमच्या गॅलरीचं. ती मी पत्रे ठोकून बंद केली (बायकोने, कुमुदने सांगितलं म्हणून, मी आपणहून खिळाही ठोकत नाही). पत्र्याची धग खिडकीत येते म्हणून सूर्यकांतरावांनी दावा लावला आणि जिंकला. मी अपील केलं. अपील उभं तोवर गॅलरी उभी, आणि गॅलरीत कुमुदचं वॉशिंग मशीन, देव आणि लोणच्याच्या बरण्या.

"हरलात तर मशीन हॉलमध्ये येईल, तुमच्या खुर्चीच्या जागी," तिने निघताना बजावलं.

कोर्टाच्या बोर्डावर आमचा नंबर फार खाली होता. माझे वकील दुसऱ्या कोर्टात अडकलेले.

"अंबादासराव," सूर्यकांतराव हळूच म्हणाले, "कस्तुरबा गांधी मार्गावर आपल्या मराठी सदनाच्या कँटीनमध्ये आज मिसळ आहे. चलो!"

"आणि पुकारा झाला तर?"

"आपण दोघंही नसू. मग जज हरवणार कुणाला?"

मुद्दा बिनतोड वाटला. (आमच्या ऑफिसात बैठकीला कुणीच आलं नाही की बैठक पुढे ढकलतात. आयुष्यभर केंद्र सरकारची नोकरी केली की माणसाला असंच सुचतं.)

मिसळ झणझणीत होती. दुसरी प्लेट मी मागवली.

परतलो तर वकीलसाहेब दारातच उभे. "अपील डिसमिस हो गई! आप थे कहाँ?"

"हे पण नव्हते!" मी सूर्यकांतरावांकडे बोट दाखवलं.

"अपील आपकी है, जी. चलानी आपको थी. इनका तो बिना आए काम हो गया."

सूर्यकांतराव बिचारे माझ्याहून जास्त ओशाळले. मला मात्र रडूच यायचं बाकी होतं.

वकिलांनी अपील पुन्हा सुरू करण्याचा अर्ज केला. गैरहजेरीचं कारण, अचानक पोटदुखी. घरीही मी तेच सांगितलं. कुमुदने आठवडाभर मऊ भात आणि ताकावर ठेवलं, तेही गिळलं.

अर्जाच्या तारखेला ती काळजीने सोबत आली. जजसाहेबांनी सूर्यकांतरावांना विचारलं, "आपको कोई ऐतराज?"

"बिल्कुल नहीं, सर," ते मला मदत करायला उत्साहाने उठले. "दर्द सच्चा था. मेरे सामने हुआ. मिसळ की दूसरी प्लेट के बाद."

सगळं कोर्ट हसलं. जजसाहेबही हसले आणि समोरच्याची हरकत नाही म्हणून अपील पुन्हा सुरू केलं. हसली नाही ती एकटी कुमुद.

गॅलरी तूर्त वाचली आहे. पुढच्या तारखेला माझं मुखत्यारपत्र घेऊन कुमुद जाणार आहे.

"मग मी काय करू?" मी विचारलं.

"गैरहजर राहा," ती म्हणाली. "तेवढं तुम्हाला जमतं."