नानांचा पाय आणि दहा बोटं

आमच्या शेजारचे नाना दर शनिवारी सकाळी पाय भट्टीत घालत.

मी जसं ऐकलं तसंच लिहिते आहे. लग्न होऊन पिंप्राळ्यात आले त्याला जेमतेम आठ दिवस झाले होते. माहेर वेंगुर्ल्याकडचं. जळगाव कुठे आहे हे लग्न ठरेपर्यंत मला ठाऊक नव्हतं, कारण भूगोलात खानदेश यायच्या आतच, सहावीत, माझी शाळा सुटली होती. हे सकाळी सातला डाळमिलमध्ये जात आणि मी दाराला आतून कडी लावून बसत असे. कशाची भीती वाटे ते सांगता यायचं नाही. सगळ्याचीच वाटे.

आमच्या आणि शेजारच्या स्वयंपाकघरात मिळून एकच भिंत होती आणि तीही छपरापर्यंत पोचलेली नव्हती. त्या शनिवारी पलीकडून एका म्हाताऱ्या माणसाचा आवाज आला. "पाय बसला का? बसला. आता कडा काप. बोटं बाजूला ठेव. बोटं वाया नाही गेली पाहिजेत. करेक्ट." मग सुरी फिरल्याची करकर. मग, "चला, पाय भट्टीत."

मी दिवसभर जेवले नाही. संध्याकाळी ह्यांना सांगितलं, तर हे पायरीवर बसून हसत सुटले. शेवटी डोळे पुसत म्हणाले, "अगं, ते नाना. भुसावळला रेल्वेच्या साहेबाच्या बंगल्यावर खानसामा होते. पाय म्हणजे इंग्रजी पाय, साहेबाचं पक्वान्न. फळं भरलेली जाड पोळी समज."

पुढच्या शनिवारी पोळी समजायला मी स्वतः गेले. ह्यांनीच ढकललं म्हणून. नाना अंगणात बसले होते. काटकुळे, ताठ, बंडीच्या वर जुना रेल्वेचा निळा कोट. घासलेटचा मोठा चौकोनी डबा आडवा करून त्यांनी भट्टी बनवली होती. निखारे खाली आणि निखारे वर. भट्टी तापली की नाही हे बघायला ते आत हात घालत आणि इंग्रजीत आकडे मोजत. सातच्या आत हात बाहेर आला तर भट्टी कडक, दहाच्या पुढे गेला तर गार. "एट," ते म्हणाले आणि हात काढून मला नमस्कार केला. "करेक्ट शे. तू कोकणी ना? बस."

इकडच्या बोलीत शे म्हणजे आहे आणि करेल म्हणजे केलेलं, हे मी हळूहळू शिकले. करेक्ट हा मात्र त्यांचा श्वास होता. पाऊस पडला तरी करेक्ट, नाही पडला तरी करेक्ट. एकदा मांजराने दूध सांडलं, तर दूध, मांजर आणि सांडलेली जागा नीट न्याहाळून ते म्हणाले, "झाकण ठेवेल नव्हतं. मांजर करेक्ट शे."

ह्या नानांनीच मला कळण्याची, म्हणजे ज्वारी-उडदाच्या पिठाची, भाकरी थापायला शिकवली. तांदूळ धुण्यात वाढलेले माझे हात. भाकरी काही केल्या गोल होईना. सासूबाई दूर गावी, विचारायचं कोणाला? नाना भिंतीपलीकडून ऐकत आणि नुसत्या आवाजावरून सांगत, "कोकणी, पाणी जास्त झालं. थापीचा आवाज ओला येतो." त्यांचे उपकार फिटायचे नाहीत. त्या भिंतीपलीकडे कोणी नसतं, तर मी पहिल्याच महिन्यात वेंगुर्ल्याची वाट धरली असती, आणि वाट मला ठाऊक नव्हती.

तर पाय. मैदा, वनस्पती तूप, चिमूटभर मीठ आणि गार पाणी. कणीक मळायची नाही, नुसती गोळा करायची. "मळली की रुसते," नाना म्हणत. निम्मी लाटून थाळीत बसवायची, आत केळी, गूळ, वेलदोडा, वर दुसरी पोळी झाकायची, आणि थाळीच्या कडेने सुरी फिरवून बाहेर लोंबणारी कणीक कापून घ्यायची. ह्या कापलेल्या कडा म्हणजे खरी गोष्ट. त्या एकावर एक ठेवून, हलक्या हाताने लाटून, साखर भुरभुरून नाना त्यांच्या पट्ट्या पिळत आणि पायाच्या बाजूला भट्टीत सारत. त्यांना ते बोटं म्हणत. पायाची बोटं. ती मोजून दहाच व्हायची. कणीक जास्त उरली तर बोटं जाड, कमी उरली तर बारीक, पण दहा.

आणि गंमत अशी, की एवढ्या खटाटोपाने केलेल्या पायाची नानांना काडीची किंमत नव्हती. भट्टीतून निघाला की जो दिसेल त्याला ते तो देऊन टाकत. पोस्टमनला, टांगेवाल्याला, एकदा तर समोरच्या बकरीला. बोटांना मात्र कोणी हात लावायचा नाही. ती गार झाली की पत्र्याच्या डब्यात, डबा फळीवर.

मी एकदा विचारलं, "नाना, बोटंच हवी तर नुसती बोटंच करा की. पाय कशाला?"

नानांनी माझ्याकडे असं बघितलं, जसं काही मी कोट काढायला सांगितलं होतं. "मुद्दाम करेल ते बोट नही, कोकणी. ते बिस्कुट. बोट उरावं लागतं."

रविवारभर डबा फळीवर. रविवारी दुपारी नाना कोट घालून ओट्यावर बसत. गाडी यायची ती वेळ, धुळ्याकडून बस यायची ती वेळ, सगळं त्यांना पाठ. सोमवारी सकाळी डबा माझ्या हातात. "खा. गार शेतस, पण चांगली शेतस." मी वर्षभर दर सोमवारी दहा बोटं खाल्ली. थोडी मऊ पडलेली असत. ती कोणाच्या वाटणीची होती, हे मला पत्र लिहायच्या वेळी कळलं.

नानांना लिहिता येत नसे. त्यांची मुलगी सुमी धुळ्याला, देवपुरात दिलेली. चार वर्षांत तिला माहेरी पाठवलं नव्हतं. कारण काय, तर लग्नानंतरच्या पहिल्या दिवाळीला नाना व्याह्यांकडे गेले आणि पंगतीत अभिमानाने म्हणाले, "मी तीस वर्षं साहेबाला दर शनिवारी पाय करून घातला." व्याह्यांचं घर कडक. कांदा-लसूणसुद्धा उंबऱ्याबाहेर. विहीणबाईंनी ताट सरकवलं आणि उठल्या. नानांनी समजावलं, की पाय म्हणजे तसा पाय नव्हे. पण ते जितकं समजावत, तितकं घर विटाळत गेलं. 'खूर शिजवणाऱ्याच्या घरी सून जायची नाही', असं ठरलं ते ठरलं.

"बंगल्यावर असतानाचा नेमच होता," नाना एकदा म्हणाले. "पाय साहेबना, बोटे मना. माझी ती कोटाच्या खिशात घालून आणायचो. सुमी फाटकात उभी राहायची आणि आधी खिशात हात घालायची. मग माझ्याकडे बघायची." एवढं बोलून त्यांनी भट्टीत हात घातला आणि मोजायला लागले. त्या दिवशी ते तेरापर्यंत गेले. भट्टी मुळीच गार नव्हती.

दिवाळीच्या आधी त्यांनी मला पत्र लिहायला बसवलं. पोस्टकार्ड मी दोनदा उलटंसुलटं करून बघितलं. सहावी शिकलेली मी. सासरच्या माणसांनी वाचायचं पत्र. नाना त्यांच्या बोलीत सांगत आणि मी शुद्ध करून लिहीत होते. ऱ्हस्व की दीर्घ ह्या काळजीत मी इतकी बुडाले होते, की काय लिहिते आहे इकडे लक्षच गेलं नाही. त्यांनी सांगितलं ते मी असं लिहिलं:

"चि. सुमीस आशीर्वाद. माझा पाय आता पूर्वीसारखा होत नाही. मागच्या शनिवारी भट्टीपाशी डुलकी लागली आणि पाय एका बाजूने पार करपला. बोटे तेवढी चांगली आहेत. बोटे बघितली की तुझी आठवण येते. जमल्यास ये."

पत्र वाचून दाखवलं. नाना म्हणाले, "करेक्ट."

पाचव्या दिवशी दारात टांगा थांबला. उतरली ती सुमी. एका हातात पिशवी, दुसऱ्या हातात भाजल्याच्या मलमाची डबी. नाना ओट्यावरून धावत खाली आले. दोन्ही पायांनी.

सुमीने त्या दोन पायांकडे बघितलं आणि मलमाची डबी पदराखाली लपवली. मला एकदम सगळा उलगडा झाला आणि मी रडायलाच लागले. "माझीच चूक हो. मी लिहिलं. तुमच्या घरच्यांना आता काय वाटेल?"

"वहिनी, गप्प बसा बघू," सुमी म्हणाली. "ह्यांनी मोठ्याने वाचलं. सासूबाईंनी ऐकलं. म्हणाल्या, बापाचा पाय भाजला आणि तू इथे चपात्या काय लाटतेस, नीघ."

"आणि तुम्हाला काय वाटलं?"

"माझ्या बापाचा पाय दर शनिवारी भट्टीत असतो. मला नाही कळणार?" ती हसली. "पण मी रडले बरं का. भरपूर रडले. रडायला काही खोटं लागलं नाही."

मग तिने सरळ नानांच्या कोटाच्या खिशात हात घातला. खिशात काही नव्हतं. नाना घरात गेले ते बराच वेळ बाहेर आले नाहीत.

तीन दिवस भिंतीपलीकडे दोघांचे आवाज होते. चौथ्या दिवशी सुमी पाणी आणायला गेली आणि रिकामी घागर घेऊन पळत आली. "नाना, हे आलेत. कोपऱ्यावर पत्ता विचारताहेत. बसा खाटेवर. वहिनी, जुनं धोतर फाडा."

मी धोतर फाडलं. सुमीने पट्टी हातात घेतली आणि थांबली. "कोणता पाय?"

पत्रात ते लिहिलं नव्हतं. माझा जीव अर्धा झाला. नानांनी शांतपणे दोन्ही पाय समोर धरले, जरा विचार केला. "डावा. उजवा कामाचा शे."

सुमीने घोट्यापासून चवड्यापर्यंत पट्टी बांधली. हळूहळू बांधली, खरी जखम असावी तशी. बोटं तेवढी मोकळी ठेवली, कारण ती चांगली होती.

जावई भला माणूस निघाला. खाटेजवळ उकिडवा बसून त्याने पट्टी बघितली, बोटं बघितली. "बोटं शाबूत आहेत, नशीब," तो म्हणाला.

"बोटं चांगली शेतस," नाना म्हणाले. आणि काय डोक्यात आलं कोण जाणे, मला म्हणाले, "कोकणी, जावईबापूंना बोटं दे ना."

जावई उकिडवा होता तो मागे बसलाच. सुमीने कपाळाला हात लावला. मी फळीवरचा डबा घेऊन पुढे झाले. जन्मात पहिल्यांदा परक्या माणसासमोर कोणी न विचारता बोलले, "गोड शंकरपाळी आहेत. आमच्याकडे करतात. कोकणात."

त्याने एक खाल्लं. मग दुसरं. तिसरं उचलून म्हणाला, "आईला आवडतील ही. दोन बांधून देता?"

नाना माझ्याकडे बघून अगदी हळू म्हणाले, "करेक्ट."

संध्याकाळच्या बसने दोघं गेली. नाना टांग्यापर्यंत लंगडत गेले आणि लंगडतच परत आले. सुमी 'संक्रांतीला येते' म्हणाली होती. जावई नको म्हणाला नव्हता.

पुढच्या शनिवारी भिंतीपलीकडून हाक आली. "कोकणी, ये. बोटं गरम शेतस." मी गेले. बोट हातात धरवेना इतकं गरम होतं. वर्षभरात मी ते गरम कधी खाल्लं नव्हतं. तोंडात टाकलं की पापुद्रे सुटत, आणि कडेला करपलेली साखर. म्हणजे ते असं लागत होतं तर.

नानांच्या डाव्या पायाला अजून पट्टी होती. मळली होती, एका टोकाला मैदा लागला होता.

"नाना, आता कोण बघतंय? सोडा ती पट्टी. धुऊन टाकते."

"राहू दे," नाना म्हणाले. "पोरीने बांधेल शे."

आणि डावा पाय जपून टाकत ते भट्टीकडे गेले.