निळ्या दिव्याखालचं तळं

एका जंगलात एक तळं होतं, तळ्याकाठी एक वड होता, आणि वडाच्या खोडावर एक पाल राहत होती. पालीचं नाव भागाबाई. नवऱ्याचं नाव रावजी. पदरात दोन पोरं, थोरली चिमी आणि धाकटा गोंद्या. घर म्हणजे सालीतली एक फट. पण घराणं मोठं होतं बरं का.

मोठं कसं, ते ऐका.

तुमच्या घरी कुणी बोलत असताना भिंतीवर पाल चुकचुकली, की तुमची आजी जमिनीवर बोट आपटते आणि म्हणते, "बघा, खरं आहे." त्या जंगलातही तीच रीत होती. रोज तिन्हीसांजेला वडाखाली सभा भरायची. कुणी काही बोललं आणि वरून भागाबाई चुकचुकली, की सगळे आपापले खूर आणि पंजे जमिनीवर आपटायचे आणि ओरडायचे, "सत्य!" मग त्या बोलण्याचा कायदा व्हायचा. नाही चुकचुकली, तर बोलणारा खोटा. त्यानं शेपूट घालून घरी जायचं. वाघमहाराज राजे खरे, पण त्यांच्या शब्दालाही वरून चुकचुक लागायची.

भागाबाईची सासू जाताना सांगून गेली होती, "सूनबाई, पोट पाठीला लागलं तरी चालेल. पण खोट्यावर चुकचुकू नकोस, आणि खऱ्यावर गप्प बसू नकोस. आपल्याकडे दुसरी इस्टेट नाही."

त्या उन्हाळ्यात पोट पाठीला लागलं.

तळं गाळानं भरत आलं होतं. पाणी हटलं तसे डास हटले, चिलटं हटली, पाकोळ्या तर दिसेनाशा झाल्या. रावजी सगळा वड पालथा घालायचा आणि रिकाम्या तोंडानं परत यायचा. त्यातच एका भारद्वाजानं त्याची शेपूट तोडून नेली. एरवी पालीला शेपूट पुन्हा फुटते. रावजीला फुटेना. "शेपटीलासुद्धा खायला लागतं," भागाबाई म्हणायची.

आणि गोंद्या? तो इतका वाळला होता, की त्याच्या पोटातून पलीकडची साल दिसायची. भागाबाई त्याच्याकडे बघायचं टाळायची. आईला आणखी काय करता येतं?

एका संध्याकाळी कोंडाजी कासव सभेत पुढं झाला. म्हातारा, जरा खवचट, सगळा जन्म तळ्याच्या तळाशी काढलेला.

"महाराज," कोंडाजी म्हणाला, "तळ्यात गाळ साचलाय. सगळ्यांनी मिळून उपसू या. खाली झरा आहे, मी त्याच्यावर झोपलेलो आहे. गाळ काढला की पाणी लागेल."

वाघमहाराजांनी आपल्या पंजांकडे पाहिलं. पंजे स्वच्छ होते. महाराजांना गाळाचा विचार आवडला नाही.

भागाबाईनं चुकचुकण्यासाठी जीभ टाळूला लावली. तेवढ्यात झिपरू माकडानं कोंडाजीच्या पाठीवरच उडी मारली.

"थांबा! आधी माझं ऐका. मी गावात जाऊन आलोय."

गावात जाऊन आलेल्याचं सगळीकडे आधी ऐकतात.

"गावाबाहेर एक खानावळ आहे," झिपरू म्हणाला. "भिंती नाहीत, छप्पर नाही. माणसं झाडाखाली बसतात आणि झाडांवर रंगीत दिवे. निळे, तांबडे, हिरवे, पिवळे. मी फांदीवरून सगळं बघितलं. माणसं मागवतात आणि बसून राहतात. ताट येत नाही. तरी कुणी रागावत नाही! मग ताट येतं, भाजी करपलेली. उजेडच असा, की करपलेलं दिसत नाही. माणसं म्हणतात, वा, काय मूड आहे!"

"मूड म्हणजे काय रे?" सगुणा चितळीनं विचारलं.

"मूड म्हणजे वहिनी, पोट रिकामं असताना पोटाची आठवण न होणं."

"मग आमच्याकडे नाहीये तो," सगुणा म्हणाली.

"तेच तर सांगतोय!"

झिपरूनं येताना त्या खानावळीतली दिव्यांची एक माळच ओढून आणली होती. जंगलाच्या कडेनं विजेची तार जात होती, तिच्यावर त्यानं आकडा टाकला. शिकलेली माणसं टाकतात तसाच. मग माळेतला एक पिवळा दिवा वडाच्या खोडाशी टांगला. दिवा लागला. सगळ्यांची तोंडं पिवळी झाली आणि पिवळी तोंडं आनंदी दिसू लागली.

"पाहिलंत?" झिपरू ओरडला. "या जंगलात पाण्याची टंचाई नाहीच मुळी! टंचाई आहे ती मूडची!"

बाळांनो, नेमकं तेव्हाच काय झालं, ते नीट ऐका. कुठल्या कुठून एक पाकोळी आली आणि दिव्यावर आपटून खोडावर पडली. गोंद्यानं ती गट्ट केली. कितीतरी दिवसांनी पोराच्या पोटात काहीतरी दिसलं. भागाबाईला इतकं बरं वाटलं, की तिच्या तोंडून आपोआप निघालं, चुक चुक चुक.

खाली सगळ्यांनी खूर आपटले. "सत्य!"

झाला कायदा.

"अगं, हे काय केलंस?" रावजी कुजबुजला. "खोट्यावर चुकचुकलीस!"

"मी कुठं त्याच्यावर चुकचुकले? मी आपल्या पोरावर चुकचुकले."

"सभेला काय ठाऊक?"

"उद्या बघू. उद्या कोंडाजी परत उभा राहील. तो खरं बोलला की दणदणीत चुकचुकते. मग झालं?"

"तुझी सासू असती तर..."

"सासूबाई भरल्या पोटानं गेल्या," भागाबाई म्हणाली. "खा ती दुसरी पाकोळी, उडून जाईल."

दुसऱ्या दिवशी सगळ्या जंगलात माळ फिरली. सुकल्या कुरणावर हिरवा दिवा. सभेवर पिवळा, आनंदाचा. वाघमहाराजांच्या शिळेवर तांबडा. तो जिव्हाळ्याचा, असं झिपरू म्हणाला. आणि तळ्यावर निळा. निळ्या उजेडात ओला चिखल असा चकाके, की भरलं तळं वाटावं. गवे यायचे, चिखल चाटायचे आणि एकमेकांना सांगायचे, "आज गारवा जरा जास्तच आहे."

कुरणावर ससे हिरवं दिसणारं वाळकं गवत खायचे. घशाला टोचायचं, पण डोळ्यांना बरं वाटायचं.

भागाबाईच्या घरी मात्र खरोखरीचं ताट वाढलेलं होतं. चिलटं, डास, पाकोळ्या, पंख फुटलेल्या वाळव्या. नुसतं दिव्याशी बसायचं आणि तोंड उघडायचं. चिमीला गाल आले. गोंद्याच्या पोटातून पलीकडचं दिसेना. रावजीला शेपटीचा कोंब फुटला, तसा तो आईचं नाव घेईनासा झाला.

एकदा सगुणा चितळी सभेत घाबरी होऊन आली.

"महाराज, माझी धाकटी जाऊ काल तुमच्या शिळेकडं आली होती. परत आली नाही."

महाराज तांबड्या दिव्याखाली बसले होते. त्यांच्या मिशा तांबड्या दिसत होत्या. पण तांबड्या उजेडात सगळ्यांच्याच मिशा तांबड्या दिसतात.

"आम्ही तर कुणाला पाहिलं नाही," महाराज म्हणाले.

"सगुणावहिनी," झिपरू मायेनं म्हणाला, "तुम्ही अशा पिवळ्याखाली येऊन बसा बघू."

सगुणा बसली.

"आता कसं वाटतंय?"

"वाटतंय थोडं बरं," सगुणा म्हणाली. बिचारी खोटं बोलत नव्हती.

भागाबाईनं वरून सगळं ऐकलं. महाराजांच्या शिळेभोवती माशा फार घोंगावतात, हे तिला पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. माशा कुठं असतात ते पालीला कळायचंच. तिनं रावजीकडे पाहिलं. रावजीनं आपल्या शेपटीकडे पाहिलं.

मग कोंडाजी आला. पण सभेत आला नाही. तो थेट तळ्याच्या मधोमध जाऊन उभा राहिला, निळ्या दिव्याच्या बरोबर खाली, आणि तिथून ओरडला.

"अरे इकडं बघा! मी तळ्याच्या मध्यावर आहे आणि माझे गुडघे कोरडे आहेत! मी कासव आहे रे, माझे गुडघे असतात केवढे? हे पाणी नाही. हा दिवा आहे. मालवा तो, आणि गाळ उपसायला या. आजही झरा जिवंत आहे!"

गव्यांनी चाटायचं थांबवलं. सगुणा उभी राहिली. सगळ्यांनी माना वर केल्या आणि भागाबाईकडे पाहिलं.

कोंडाजी खरं बोलत होता. ती चुकचुकली असती तर दिवे गेले असते. दिवे गेले, की पाकोळ्या जाणार. गाळ निघून, झरा लागून, तळं भरून पुन्हा डास व्हायचे कधी? तोवर गोंद्याच्या पोटातून परत साल दिसणार.

पण सासूचा शब्द होता. घराण्याची एकुलती इस्टेट होती. भागाबाईनं डोळे मिटले आणि तोंड उघडलं.

"बाईंना खालचं नीट दिसत नसेल," झिपरू म्हणाला. "उजेड जरा जवळ घेतो हं." आणि त्यानं पिवळा दिवा थेट तिच्या तोंडाशी आणून धरला.

दिव्यामागून एक जाडजूड पाकोळी आली आणि उघड्या तोंडात आपणहून शिरली.

आता तोंडात पाकोळी शिरली की पालीचं तोंड मिटतं. त्यात भागाबाईचा काय दोष? तिनं घाईघाईनं गिळलं. पुन्हा तोंड उघडलं. दुसरी शिरली. ती गिळली, तोवर तिसरी दाराशीच होती. आणि खरं सांगायचं तर तिसऱ्या वेळी भागाबाईनं तोंड उघडलं, ते चुकचुकण्यासाठी नव्हतं.

सभेनं वाट पाहिली. चुकचुक आली नाही.

"खोटं," वाघमहाराज म्हणाले.

"खोटं, खोटं," गवे म्हणाले आणि पुन्हा चाटू लागले. सगुणा खाली बसली.

कोंडाजी चिखलातून बाहेर आला आणि नदीच्या वाटेला लागला. वडाखालून जाताना घटकाभर थांबला.

"जेव गं भागाबाई, पोटभर जेव," तो म्हणाला. "लेकुरवाळी आहेस."

भागाबाईला उत्तर द्यायचं होतं. पण तोंड भरलेलं होतं.

पुढं तळं सुकून तडकलं. निळा उजेड भेगांत शिरला तेव्हा झिपरू म्हणाला, "बघा, लाटासुद्धा उठायला लागल्या." भागाबाई चुकचुकली. आता तिला जेवता जेवता चुकचुकायची सवय झाली होती. ज्यांना अगदीच तहान सोसवेना, त्यांना झिपरू तांबड्या दिव्याकडे पाठवायचा. तिकडून परत येऊन तहानेची तक्रार कुणीच केली नाही.

आणि भागाबाईचं नशीब उघडलं. ती दरबारची पाल झाली. चिमीला लग्नात हिरवा दिवा मिळाला, गोंद्याला निळा. रावजीची शेपूट अशी टपोरी फुटली, की भारद्वाजसुद्धा वाट वाकडी करून जाऊ लागला. सालीतल्या फटीत सासूबाईंच्या नावानं रोज एक पाकोळी ठेवली जाऊ लागली. भागाबाईच्या घराला जसा उजेड मिळाला, तसा तुम्हांआम्हां सगळ्यांना मिळो.

तात्पर्य: बाळांनो, नेहमी खरं बोलावं. पण तोंडात घास असताना बोलू नये. आणि शहाण्यानं तोंडातला घास कधी संपू देऊ नये.