उसना सोफा

चिमी दुकानातून परतली आणि दारातच थबकली. क्षणभर तिला वाटलं, आपण चुकून दुसऱ्याच्याच घरात शिरलो. समोर भिंतीला लाल मखमली सोफा, कोपऱ्यात छातीइतका उंच फ्रीज आणि फ्रीजवर टीव्ही. आई फडक्याने टीव्हीची काच पुसत होती आणि चेहरा असा, की जणू हे सगळं तिनेच विणून काढलंय.

"आई, हे काय मांडलंयस?"

"अगं, साहेब यायचेत ना चौकशीला! सोफा शिंपीकाकांचा, फ्रीज नर्सबाईंचा, टीव्ही वायरमनचा. साहेब गेले की ज्याचं त्याला परत."

चिमीने कपाळावर हात मारला. तिचे वडील शाळेत शिपाई होते. जन्मभर त्यांनी शाळेची घंटा वाजवली आणि नोकरीत असतानाच अचानक गेले. घरात दुसरं कमावतं कुणी नव्हतं. म्हणून अनुकंपा तत्त्वावर त्यांच्या जागी चिमीने अर्ज केला होता. या घराला नोकरीची खरोखर गरज आहे का, एवढंच बघायला शिक्षण कार्यालयातले साहेब आज येणार होते. आणि आईने गरजेला लाल मखमलीने झाकून टाकलं होतं.

"आई, आपली ओढाताण बघायला येतायत ते. थाट नाही!"

"म्हणून काय भिकाऱ्यासारखं बसायचं? पोरगी चांगल्या घरातली आहे असं दिसलं, तरच नोकरी देतील. तुला काय कळतंय?"

आईशी वाद घालणं म्हणजे दगडावर डोकं आपटणं, हे चिमीला पाळण्यापासून ठाऊक होतं. तिने सरळ सोफ्याचं एक टोक उचललं. त्याच क्षणी दारावर टकटक झाली. साहेब वेळेआधी आले होते. वेळेआधी येण्याची त्यांना खोडच होती, कारण वेळेवर गेलं की सामान हलवून घरं रिकामी केलेली सापडतात, हा त्यांचा अनुभव होता.

"वा!" साहेब सोफ्यात रुतले. "छान आहे. नवा दिसतो."

"शेजाऱ्यांचा आहे, साहेब," चिमी म्हणाली. "फ्रीज आणि टीव्हीसुद्धा."

साहेब गालातल्या गालात हसले. "ताई, इतकी वर्षं चौकश्या करतोय. मी येणार म्हटल्यावर लोक आपला फ्रीज शेजाऱ्याकडे लपवतात. शेजाऱ्याचा फ्रीज आपल्याकडे आणणारं घर अजून पाहिलं नाही."

"आमचाच आहे!" आई ताठ मानेने म्हणाली. "थांबा, गार पाणी देते." आणि तिने फ्रीजला हात घातला. पण दार काही उघडेना. तिने जोर लावला. फ्रीज हलला, वरचा टीव्ही डुलला, चिमीने धावत जाऊन तो धरला. आई बिजागरीच्या बाजूने ओढत होती.

साहेबांच्या भुवया वर गेल्या.

तेवढ्यात नर्सबाई आत आल्या. "मावशी, माझी इंजेक्शनं फ्रीजमध्येच राहिली हो. पेशंट खोळंबलाय." मग साहेबांकडे नजर गेली आणि त्यांनी जीभ चावली. "म्हणजे, मावशींच्याच फ्रीजमध्ये मी ठेवते. नेहमी!" असं म्हणत त्यांनी योग्य बाजूने दार उघडलं, इंजेक्शनं घेतली आणि सवयीने खालच्या कप्प्यातली मिरची-कोथिंबीरही उचलून नेली.

पाठोपाठ वायरमनची बायको आली. तिच्या सासूबाई मालिकेसाठी रुसून बसल्या होत्या. तिने कुणाकडे न बघता टीव्ही कडेवर घेतला आणि ती चालती झाली. शेवटी शिंपीकाका हातगाडीवाल्याला घेऊन आले.

"वहिनी, सोफा द्या. ट्रायलला गिऱ्हाईक आलंय, बसवू कशावर? अहो पाहुणे, जरा उठता का?"

साहेब उठले. सोफा गेला. भिंतीला पोपडे आलेले दिसू लागले. आईचा चेहरा उतरला. तिला घरापेक्षा आपणच उघडे पडल्यासारखं वाटलं असावं, आणि चिमीला तिचा फार कळवळा आला.

"बसा ना साहेब," आई पुटपुटली आणि आतून एक लाकडी स्टूल घेऊन आली. घरातली स्वतःची म्हणावी अशी बसायची वस्तू तेवढीच होती. साहेब बसणार इतक्यात त्यांची नजर स्टुलाच्या कडेवर गेली. तिथे पांढऱ्या रंगात शाळेचं नाव आणि क्रमांक लिहिलेला होता.

"हा तर शाळेचा स्टूल!"

आईला घाम फुटला. दिवसभराच्या उसनवारीत खरी पकडली गेली ती हीच एक वस्तू. चिमी मात्र पुढे आली.

"हो, शाळेचा आहे. मुख्याध्यापकांच्या दाराबाहेर बाबा यावरच बसायचे. पाय मोडला म्हणून त्यांनी दुरुस्तीला घरी आणला. पाय नीट बसवला आणि मग पोचवायला तेच राहिले नाहीत."

साहेबांनी वाकून स्टुलाचा पाय हलवून पाहिला. मग हळूच बसले, डावीकडे झुकले, उजवीकडे झुकले. स्टूल ढिम्म हलला नाही.

"शाळा तपासायला आलो होतो, तेव्हा वर्गात मला हाच बसायला दिला आणि मी यावरून पडलोय," ते गंभीरपणे म्हणाले. "सगळा वर्ग हसला होता."

"मीही होते त्या वर्गात," चिमी म्हणून गेली.

साहेब मोठ्याने हसले आणि कागदावर काहीतरी लिहून त्यांनी बॅग बंद केली.

"स्टूल मी कधी पोचवू, साहेब?"

"वेगळी फेरी कशाला मारता? आदेश निघाला की रुजू व्हायला याल ना, तेव्हा घेऊन या."

ते गेले. आई भिंतीला टेकून बसली आणि मनसोक्त रडली, मग मनसोक्त हसली, आणि डोळे पुसता पुसता तिचा उत्साह परत आला.

"चिमे, पहिल्या दिवशी हाताला घड्याळ हवं गं. नर्सबाईंचं मागून ठेवू का?"

"काही नको," चिमी स्टुलावर ऐसपैस बसत म्हणाली. "घंटा माझ्या हातात असणार. मी वाजवीन तीच वेळ!"